कुंपणालगतचा वेल

२ एप्रिल

बियाण्याच्या नोंदवहीतला 'शेरा' हा रकाना बोटभर रुंद असतो. 'उगवण बरी', 'कीड नाही', एवढं त्यात मावतं. नोकरीची इतकी वर्षं मला तेवढी जागा पुरली. आज पुरली नाही, म्हणून ही कोरी वही काढली. हिला रकाने नाहीत आणि ही कुणी तपासणारही नाही.

प्राचार्यांनी बोलावलं होतं. आमच्या शेतकी कॉलेजला येत्या ऑक्टोबरात शंभर वर्षं होतात. साहेबांनी माझ्या गळ्यात दोन कामं घातली. एक, स्मरणिकेसाठी 'आपलं कॉलेज आणि पठारावरची शेती' असं प्रकरण लिहायचं. दुसरं, जुन्या पठारी भोपळ्याचं बी तयार करून समारंभात शेतकऱ्यांच्या हातात द्यायचं. "बीजकोठी तुमच्या ताब्यात. हे तुम्हीच करू जाणे," म्हणाले. साहेब गोड बोलले की काम अवघड असतं, हा माझा अनुभव आहे.

पठारी भोपळ्याची शेवटची बरणी कोठीत अगदी मागच्या फळीवर आहे. कॉलेज निघालं तेव्हाच्या मास्तरांनी गावोगाव फिरून जे वाण गोळा केले त्यातला हा एक. काळपट हिरवा, स्टुलाएवढा, साल अशी की कुऱ्हाडच लागावी. एकदा तोडला की पलंगाखाली सरकवायचा, पुढचं पीक येईपर्यंत टिकायचा. हॉलमधल्या फोटोत आमचे पहिले प्राचार्य अशाच एका भोपळ्यावर बसले आहेत, टोपी गुडघ्यावर ठेवून. भोपळा जराही दबलेला नाही. प्राचार्य थोडे दबलेले वाटतात.

आता पठारावर तो कुणाकडेच नाही. बरणीतलं बी फार जुनं झालंय. या हंगामात साधलं तर साधलं, नाहीतर पुढच्या वर्षी पेरायला काही उरणार नाही.

१३ एप्रिल

बरणीतलं सगळं बी ओल्या फडक्यात घालून उबेला ठेवलं होतं. मी सारखा उघडून बघतो. विद्यार्थी मला पाठीमागे 'बरणी सर' म्हणतात आणि मला ते माहीत नाही असं समजतात. आज खिडकीबाहेर कुणीतरी म्हणालं, "बरणी सर अंडी उबवतायत." हसू आलं, पण चेहरा आवरला. मास्तराने एवढं तरी केलं पाहिजे.

तीन बिया उगवल्या. बाकीच्या कुजल्या. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार!

ताईचा फोन आला. तिला तीन कोंबांची बातमी सांगितली. "बाळ, एकटा राहून राहून तू बियांशी बोलायला लागला असशील," म्हणाली. निवृत्तीला आलो तरी तिच्यासाठी मी बाळच. मी म्हटलं, "बोलत नाही, नुसती विचारपूस करतो."

९ मे

तीन रोपांपैकी दोन अळीने बुडातून कापली. आता एक राहिलं. डोळ्यांसमोर असावं म्हणून क्वार्टरच्या मागच्या अंगणात लावलंय. भोवती राख टाकली, वर जाळी धरली, सकाळ-संध्याकाळ फेऱ्या मारल्या. घरात तान्हं मूल असलं की माणसं अशीच पाय न वाजवता चालत असतील.

आज पाणी घालताना कुंपणापलीकडे नजर गेली आणि झारी खाली ठेवली. पलीकडच्या भाड्याच्या घरात नवी बिऱ्हाडकरू आलीय, शिवणकाम करते. टेलरबाई म्हणतात सगळे. तिच्या कुंपणाला लागूनच भोपळ्याचा वेल! बाजारी, नेहमीचा. भुंगा या फुलातून त्या फुलात गेला की माझ्या वाणाचं बी भेसळ. नियमाप्रमाणे दोन वाणांत अर्धा मैल अंतर हवं, इथे चार पावलं नाहीत.

तसाच गेलो. दार उघडंच होतं, मशीन चालू.

"बाई, हा वेल तुमचा का?"

"माझ्या कुंपणाच्या आत आहे म्हणजे माझाच. का? तुमच्याकडे येतोय का?"

मी नर फूल, मादी फूल, पराग, भुंगे, भेसळ पुढच्या वर्षी पेरल्याशिवाय कळत नाही हेही, सगळं सांगितलं. त्यांनी मशीन थांबवून शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हणजे माझा वेल तुमच्या मुलीला बिघडवेल, असंच ना?"

"प्रश्न वागणुकीचा नाही, अंतराचा आहे. अर्धा मैल लागतं."

"अर्धा मैल! मग मी घरच बदलते." आणि हसल्या. "अहो, उपटून टाका ना. भाजीतलं बी सहज टाकलं होतं मी."

आता इथे मी 'बरं' म्हणायला हवं होतं. दोन मिनिटांचं काम. पण म्हणालो, "नको नको, चांगला तरारलाय. फुलं येऊ देत. मी रोज संध्याकाळी येऊन उद्या उमलणारी नर फुलं खुडून नेईन. फळ मात्र धरणार नाही तुमच्या वेलाला."

"तुमची हरकत नसेल तर माझीही नाही," म्हणाल्या.

वाढता वेल उपटणं माझ्या जिवावर येतं. शेतकी शिक्षणाचा संस्कार, दुसरं काय.

४ जून

फुलं सुरू झाली. कामाची पद्धत अशी. संध्याकाळी कळीच्या टोकाला पिवळी झाक आली की ती उद्या उमलणार. माझ्या वेलावरच्या अशा कळ्यांचं तोंड दोऱ्याने बांधायचं, म्हणजे रात्री-पहाटे भुंगा आत शिरत नाही. मग फाटकातून पलीकडे जायचं आणि टेलरबाईंच्या वेलावरची नर फुलं खुडायची. सकाळी ऊन चढायच्या आत माझ्या नराची गाठ सोडायची, पाकळ्या काढायच्या, पराग मादीवर फिरवायचा आणि मादी पुन्हा बांधायची. मादी फुलामागे सुपारीएवढा भोपळा आधीच तयार असतो. पराग लागला तर धरतो, नाहीतर पिवळा पडून गळतो.

माझ्या वेलावर अजून नुसते नरच आहेत. पण सराव हवा म्हणून बांधतो.

खुडलेली फुलं मी खिशात कोंबत होतो, तर टेलरबाई म्हणाल्या, "द्या इकडे." त्यांनी ती काचेच्या पेल्यात पाणी घालून मशीनवर ठेवली. सकाळी ती तिथेच उमलतात म्हणे. कापायच्या खडूची भुकटी, रंगीबेरंगी चिंध्या आणि मधोमध भोपळ्याची पिवळी फुलं. बरं दिसतं.

११ जून

हेडक्लार्क आणि मी म्हणजे विळ्या-भोपळ्याचं सख्य. आज चहाच्या वेळी तो सगळ्यांसमोर म्हणाला, "सर, तुम्ही तुमची फुलं तर बांधताच. मग तिची खुडायला रोज कशाला जाता?"

मी सांगितलं की भुंगे कधीकधी बांधलेली कळीही कुरतडून आत शिरतात, ही दुहेरी खबरदारी आहे.

"मग वेलच उपटून का टाकत नाही?"

सगळे उगाच हसले. शास्त्रीय कामातले बारकावे या लोकांना कळत नाहीत.

१९ जून

आज टेलरबाईंकडे एका गिऱ्हाइकाचा चौकटींचा कोट होता. शिवून, इस्त्री करून तयार. गिऱ्हाईक घालून बघून खूश. बाई मात्र खिशाकडे बघत होत्या. खिशावरची चौकट अंगावरच्या चौकटीशी सुताभराने जुळत नव्हती. गिऱ्हाईक म्हणालं, चालेल हो. बाई म्हणाल्या, "तुम्हाला चालेल, मला नाही चालणार," आणि त्याच्या अंगावरून कोट काढून घेऊन शिवण उसवायला बसल्या. तो बिचारा शर्टावर घरी गेला.

मला फार आवडलं ते. का ते सांगता येणार नाही. कोठीत मीही वेगळ्या रंगाची एक बी दिसली तरी सगळी बरणी ओततो.

त्यांनी माझ्या फुलांसाठी मलमलीच्या छोट्या पिशव्या शिवल्या आहेत. म्हणाल्या, "दोऱ्याने गळा आवळता बिचाऱ्यांचा. हे घालून बघा." पिशव्या सुंदर आहेत. मी दोराही बांधतो आणि वर पिशवीही घालतो.

या महिन्यात माझ्या शर्टांची बटणं फार तुटतायत. हल्ली दोरा हलका येतो बहुतेक. सगळे शर्ट त्यांच्याकडेच नेऊन देतो, जवळ पडतं.

२४ जून

पहिली मादी! परवा सकाळी परागीकरण केलं आणि दुपारी पाऊस कोसळला. दोन दिवसांत फळ पिवळं पडून गळलं. हातात भोपळा यायचा तो परीक्षेतला आला.

टेलरबाईंनी गळलेलं फळ तळहातावर घेतलं. "एवढंसं आहे, पण अंगावर रेघा सगळ्या आल्यात," म्हणाल्या. मग चहा ठेवला.

२९ जून

दुसरी मादीही गेली. वेल एकच, त्यावर माद्या मोजक्या. आणखी एक कळी आहे, शेंड्याकडे. तिच्यापुढे मला काही दिसत नाही. ती धरली नाही तर हा वाण संपला. शंभर वर्षं बरणीतून बरणीत आला आणि माझ्या हातून गेला, असं होईल.

प्रकरणाचं लिखाणही तिथेच अडलंय. साहेबांना हवाय कॉलेजचा पराक्रम. पण कागद चाळताना दिसतं ते वेगळंच. आधीच्या मास्तरांनी पायपीट करून पठाराचे वाण गोळा केले. त्यांच्या पुढच्या पिढीने सुधारित भोपळा काढला: लवकर येणारा, आटोपशीर, सगळे एका मापाचे. कॉलेजच्या गाड्या गावोगाव जाऊन त्याचं बी फुकट वाटत. जुनं बी आणून द्या, नवं घेऊन जा, अशी योजनाच होती. जुनं आलं, ते गुरांना घातलं. चारपाच हंगामांत पठार नव्याने भरलं. पीक दुप्पट आलं, हे खरंच. माणसं भुकेली होती, हेही खरं. फक्त नवा भोपळा थंडीच्या मध्यावर सडायचा आणि मग घरात काही नसायचं.

वाटणाऱ्या मास्तरांचा फोटो आहे. गाडीवर उभे आहेत, हसतायत. त्यांना किती आनंद झालाय! मला त्यांचा राग येत नाही. उलट वाटतं, कुणीतरी त्यांना हळूच सांगायला हवं होतं की गुरुजी, एक पोतं बाजूला ठेवा.

परवा पठारावरून एक शेतकरी आला होता. म्हणाला, "आमच्या आईला तो भोपळा पुन्हा एकदा पलंगाखाली बघायचाय. मिळेल ना?" मी म्हणालो, प्रयत्न चालू आहेत. मास्तरांचं हे नेहमीचं उत्तर.

३ जुलै

संध्याकाळी अंगात कणकण. तरी शेंड्याची मादी बांधली, दोन नर बांधले. उद्या उमलणार नक्की. गाठी पक्क्या मारल्या, पिशव्या मात्र संपल्या होत्या. पलीकडे जाणं झालं नाही. पहिल्यांदाच चुकलं. डोळे मिटतायत.

४ जुलै

ताप. अक्षर वेडंवाकडं येतंय. सकाळी उठता आलं नाही. टेलरबाई दारात. काल आला नाहीत म्हणून बघायला आले, म्हणाल्या. मी म्हटलं, फूल, आज फूल. 'बरं,' म्हणाल्या आणि गेल्या. मग ऊन खिडकीत आल्यावर पुन्हा आल्या, गरम सूप घेऊन. कपाळावर हात ठेवला. हात थंड होता, बोटांना पिवळं काहीतरी लागलेलं.

म्हणाल्या, "केवढ्या घट्ट गाठी मारता हो! तिन्हींना कात्री लावावी लागली."

शर्टांचं गाठोडं दिलं होतं त्यांना. त्याला मी तीन गाठी मारल्या होत्या का? आठवत नाही. झोपतो.

८ जुलै

आज उठलो आणि थेट वेलापाशी गेलो. फळ धरलंय! लिंबाएवढं झालंय, देठ ताठ, रंग काळपट हिरवा. मी खाली मातीत बसलो आणि चक्क रडलो. अशक्तपणा असतो तापानंतर.

टेलरबाईंनी केलं परागीकरण. इतके दिवस बघत होत्या, सगळं बरोबर केलं. मादी पुन्हा बांधली ती सुद्धा शिवणाच्या दोऱ्याने, नाजूक गाठ घालून.

संध्याकाळी मात्र डोक्यात किडा शिरला. नर कुठला घेतला? त्या दिवशी मी पलीकडे गेलो नव्हतो, म्हणजे त्यांच्या वेलावर सकाळी नर उमललेले असणार. हाताशी. माझे दोन बांधलेले पानांखाली. आता चार दिवसांनी पुरावा काय उरणार? नर फूल दुपारी मान टाकतं आणि गळतं. त्यात कॉलेजच्या माळ्याने आळं झाडून लख्ख केलंय, आयुष्यात पहिल्यांदा.

फळाकडे बघून कळणार नाही. फळ आईच्या वळणावर जातं. बी भेसळ आहे की शुद्ध, ते पुढच्या वर्षी पेरल्यावरच कळतं. नियम स्पष्ट आहे: शंका असेल तर फळ टाकून द्यायचं.

९ जुलै

विचारलं. नोंदवही हातात घेऊन गेलो होतो, तेच चुकलं बहुतेक.

"बाई, त्या दिवशी नर फूल कुठलं घेतलंत?"

त्यांनी मशीनवरून मान वर केली. "तुम्हाला काय वाटतं?"

"वाटण्याचा प्रश्न नाही. नोंदीचा प्रश्न आहे."

दोरा तोडून म्हणाल्या, "मग नोंदीलाच विचारा, सर." आणि मशीन सुरू केलं. मी उभा राहिलो. चहाचं काही निघालं नाही.

१० जुलै

संध्याकाळी फुलं खुडायला गेलो. वेल नाही. मुळासकट उपटून कुंपणावर टाकलाय. पानं लोंबतायत, कळ्या तशाच, टोकाला पिवळी झाक आलेल्या.

बाई दारात आल्या. "आता तुम्हाला रोज यायचा त्रास नको," म्हणाल्या. आवाज नेहमीसारखाच होता. "मुलगा कधीचा म्हणतोय, ये आमच्याकडे राहायला. सप्टेंबरअखेर येईल तो न्यायला."

मी 'बरं' म्हणालो. हा शब्द जिथे म्हणायला हवा तिथे म्हणत नाही आणि नको तिथे बरोबर तोंडातून निघतो.

१६ जुलै

ताईला फोन केला. म्हटलं, वेल उपटला. आता अंतराचा प्रश्न मिटला, काम सोपं झालं.

"बाळ," ती म्हणाली, "तुझा आवाज का असा येतोय मग?"

लाइन खराब होती म्हणून सांगितलं.

२ ऑगस्ट

फळ फुटबॉलएवढं झालंय. खाली वाळलेलं गवत घातलं, मातीला टेकू नये म्हणून. कामं सगळी नीट चालू आहेत. प्रकरण लिहून झालं. गाड्या, जुन्या बियांची अदलाबदल, सगळं लिहिलं. साहेबांनी वाचलं, चष्मा काढला, म्हणाले, "हे छापायचं?" मी म्हटलं, छापायचं. कॉलेज माझंही आहे. ज्याच्यावर माया असते त्याचं सगळं सांगता आलं पाहिजे.

संध्याकाळची वेळ मात्र अंगावर येते. दिवस कलला की पाय आपोआप फाटकाकडे वळतात. आज कुंपणापर्यंत जाऊन उभा राहिलो आणि वाळलेल्या वेलाकडे बघत होतो. आत मशीन चाललं होतं. मग थांबलं. मग बराच वेळ सुरूच झालं नाही. मी परत आलो.

शर्टाची बटणं शाबूत आहेत सगळी.

२१ ऑगस्ट

मला त्या जायला नको आहेत.

हे वाक्य लिहून बघितलं. बोटभर रकान्यात मावलं असतं खरं तर. पण कुठल्या नोंदवहीत लिहिणार?

१८ सप्टेंबर

भोपळा तोडला. देठ लाकडासारखा वाळला होता. दोघांनी उचलून कोठीत आणला, माळी आणि मी. हेडक्लार्कसुद्धा बघायला आला आणि काही न बोलता हात फिरवून गेला. मी कुऱ्हाड मारली तेव्हा सगळी कोठी दणाणली. आत केशरी गर, आणि बिया, टपोऱ्या, ओंजळी भरून. धुऊन सावलीत पसरल्यात.

२६ सप्टेंबर

साहेबांनी विचारलं, "पाकिटांवर काय छापायचं? शुद्ध बी, असं ना? सही तुमची लागेल."

दिवसभर कोठीत बसलो. शंका असेल तर टाकून द्या, हा नियम मी शेकडो मुलांना शिकवलाय. चूक झाली तर पठारावरच्या त्या माणसाच्या आईच्या पलंगाखाली बाजारी भोपळा जाईल, आणि आमच्या कॉलेजने त्यांना दुसऱ्यांदा फसवलं असं होईल. आणि टाकून दिलं तर सगळंच संपलं.

मग एकदम तो चौकटींचा कोट आठवला. सुताभराची चूक. गिऱ्हाईक चालेल म्हणत होतं.

ज्या बाईला खिशाची चौकट हललेली चालत नाही, ती माझ्या वेलासाठी हाताशी आलेलं कुठलंही फूल घेईल? मी एवढा शंकेखोर माणूस, आणि ज्या गोष्टीची शंका यायला नको तिचीच आणली. पुरावा नाही. पेरून बघितलेलं नाही. पण मला माहीत आहे.

नोंदवहीत लिहिलं: 'परागीकरण: टेलरबाई. बी शुद्ध. शंका नाही.' सही केली. शेरा रकान्याबाहेर गेला, जाऊ दे.

मग नोंदवही घेऊन पलीकडे गेलो. खोलीत खोकी बांधलेली, मशीनवर चादर घातलेली. पेला रिकामा होता. मी पान उघडून त्यांच्यापुढे धरलं. म्हटलं, "त्या दिवशी मी विचारायला नको होतं. माझं चुकलं."

त्यांनी वाचलं. पुन्हा वाचलं.

"पुढच्या वर्षी पेरल्याशिवाय कळत नाही म्हणाला होतात ना?"

"बियांचं नाही कळत."

त्या खोक्यावर बसल्या आणि पदर डोळ्यांना लावला. मग डोळे पुसता पुसता हसायलाच लागल्या. "अहो, सांगितलं होतं की मी तुम्हाला त्याच दिवशी! तुमच्या त्या तीन गाठी. मादीची एक, नरांच्या दोन. पानांखाली वाकून वाकून सोडवत होते, नखं मोडली माझी. शेवटी घरी येऊन कात्री नेली. माझ्या वेलावर डझनभर फुलं उघडी होती, तिकडे ढुंकून बघितलं नाही. मेलं फूल बांधायला एवढी गाठ कोण मारतं?"

मी त्या गाठी गाठोड्याच्या समजलो होतो, हे त्यांना सांगितलं. त्या इतक्या हसल्या की मलाही बसावं लागलं. दुसऱ्या खोक्यावर.

"मग जुलैत विचारलं तेव्हा का नाही सांगितलंत?"

"तेव्हा तुम्ही मला विचारत नव्हतात. तपासत होतात."

खरं आहे.

मग मीच चहा ठेवला. साखर कुठल्या खोक्यात गेली होती ती सापडली नाही. बिनसाखरेचा प्यायलो.

१२ ऑक्टोबर

समारंभ झाला. भाषणं लांबली. पठारावरचा तो शेतकरी आईला घेऊन आला होता. म्हातारीने पाकीट घेतलं, कानाशी नेऊन हलवलं, बिया वाजल्या. "हाच," म्हणाली. आवाजावरून काय कळतं? शास्त्रीयदृष्ट्या काहीही नाही. पण मी मान डोलावली.

टेलरबाई तिसऱ्या रांगेत बसल्या होत्या. मुलगा ठरल्याप्रमाणे सप्टेंबरअखेर आला आणि एकटाच परत गेला. मशीनवरची चादर निघालीय. मी काही विचारलं नाही. त्यांनी एवढंच सांगितलं, "म्हटलं त्याला, पेरल्याशिवाय कळत नाही म्हणतात. एक हंगाम बघून येते."

ताईला सगळं फोनवर वाचून दाखवावं म्हटलं, तर सुरुवातीलाच म्हणाली, "मला सगळं एप्रिलपासून माहीत आहे, तू जेवलास का?" एप्रिलमध्ये तर टेलरबाईंचा वेल मी पाहिलाही नव्हता. ताईचं गणित नेहमीच कच्चं.

संध्याकाळी कुंपणाशी उभे होतो दोघं. त्यांच्या हातात भाजीतल्या भोपळ्याच्या चार बिया होत्या, सुकवलेल्या.

"या पुढच्या वर्षी लावीन म्हणते," त्या म्हणाल्या. "पण कुठे? अर्धा मैल कुठून आणू? पुढच्या अंगणात घालू, की लावूच नको?"

मी अंतर नजरेने मोजलं. पुढचं अंगण खरंच लांब आहे, मध्ये घर येतं, भुंगेही कमी. आणि लावलाच नाही तर प्रश्नच मिटला. शेतकी कॉलेजच्या बीजकोठीचा प्रमुख म्हणून माझं उत्तर काय असायला हवं, ते मला पक्कं माहीत होतं.

"कुंपणालगत लावा," मी म्हणालो. "मी येईन ना संध्याकाळी."